पाण्यापुरतं बोलणं

ओदिलने तिसऱ्यांदा टेप मागे नेली. धुळ्याच्या देवपुरात, हिलाल सरांच्या घरच्या बैठकीत भाड्याने आणलेला व्हिडिओ घरघरत होता. पडद्यावर भिकुबाई नव्या विहिरीच्या काठाशी बसून बोलत होती आणि कोपऱ्यात सेकंदांचे आकडे पळत होते.

"सत्तर सेकंद," ओदिल इंग्रजीत म्हणाली. "आणि तुम्ही भाषांतरात लिहून दिलंय एकच वाक्य. पाणी गोड आहे."

"तेच ती पुन्हा पुन्हा सांगते," हिलाल सर म्हणाले. "म्हाताऱ्या बाया अशाच बोलतात."

गेल्या वर्षी, अठ्ठ्याऐंशी साली, फ्रेंच टेलिव्हिजनची माणसं साक्रीकडच्या एका खेड्यात शूटिंगला आली, तेव्हा कॉलेजात इंग्रजी शिकवणारे सरच दुभाषे होते. ओदिल तेव्हा आली नव्हती. पॅरिसला बंद खोलीत बसून ती इतरांनी आणलेली फिल्म कापायची, जोडायची. बावीस वर्षं हेच. अहिराणीचं अक्षरही तिला कळत नव्हतं. पण नुसतं पाण्याबद्दल बोलणारी बाई मध्येच पदराने डोळे पुसत नाही, शेवटी कॅमेऱ्याशेजारच्या माणसाकडे असं बघत नाही, एवढं तिला कळत होतं. सरांचं तोंड कुणीतरी बंद केलंय, या संशयाने ती धुळ्यापर्यंत आली होती.

सरांच्या पत्नी प्रमिलाबाई चहा घेऊन आल्या आणि दारातच थबकल्या.

"तुम्हाला कळतं का हे, मॅडम?" ओदिलने विचारलं.

"ती पुण्याची आहे," सर घाईने म्हणाले. "तिला अहिराणी..."

"सोळा वर्षं झाली मला इथे."

प्रमिलाबाईंनी नवऱ्याकडे पाहिलं नाही. शूटिंगच्या आठवड्यात सर रोज विहिरीच्या ठेकेदाराच्या जीपमधून जायचे-यायचे. तेव्हापासून त्यांच्याही मनात काहीतरी सलत होतं. ट्रे ठेवून त्या पडद्यासमोर बसल्या.

"पानी गोड शे," भिकुबाई म्हणत होती. "पन मना आंडोर त्या हिरमाच दबी गया..."

प्रमिलाबाई एकेक वाक्य इंग्रजीत सांगत गेल्या. खोदताना कडा ढासळली. तिचा मुलगा आत होता. ठेकेदाराने हजेरीतून त्याचं नावच खोडलं. तो आमच्या कामावर नव्हता म्हणाला.

सर खाली मान घालून बसले होते.

"भाऊ, हाई तठे सांगू नको. मना नातू त्यासनाकडेच कामले शे," पडद्यावर भिकुबाई कॅमेऱ्याशेजारच्या सरांना म्हणाली.

प्रमिलाबाईंनी टेप थांबवली. आता मात्र त्या नवऱ्याकडे बघत राहिल्या. मग हळू आवाजात म्हणाल्या, "हे तिकडे सांगू नको, म्हणतेय. तिचा नातू त्याच ठेकेदाराकडे कामाला आहे."



"तुम्ही मला पत्र तरी लिहायला हवं होतं," ओदिल सरांना म्हणाली. "खरं काय ते."

"लिहिलं असतं, तर तुम्ही हे कापलं असतं?"

ओदिल पडद्यावर थिजलेल्या चेहऱ्याकडे बघत होती. दाखवावंच असं काही बावीस वर्षांत तिच्या हाती दोन-तीनदाच लागलं असेल.

"नाही," ती म्हणाली.

चहावर साय धरली होती. तिने वही उघडली आणि टेप पुन्हा सुरुवातीला नेली.

"मॅडम," ती प्रमिलाबाईंना म्हणाली, "पाण्याचं बोलणं नेमकं कोणत्या शब्दाला संपतं, तेवढं मला दाखवा. तिथेच कापायचंय."