महिन्याची बाटली, चाळीस दिवस

सभागृहात पाय ठेवायला जागा नव्हती. ज्याच्या त्याच्या हातात औषधाची बाटली. मंचावर चमचेबाबा पितळी चमचा उंचावून गर्जत होते, "माझ्या चमच्याने घ्या! औषध वाढेल, आजार घटेल!"

आणि औषध खरंच वाढत होतं. तीस दिवसांची बाटली चाळीस दिवस पुरत होती, घरोघरी साक्षीदार होते. मी दवाखान्यात वीस वर्षं कंपाउंडर आहे. माझ्या हातून कधी थेंबभर औषध वाढलेलं नाही, त्यामुळे मला कोणी विचारलंच नाही.

माझी ताईही भक्तांत होती. तिची मुलगी पाचवीत. तिला पूर्वी फिट यायच्या. रोज सकाळी एक माप औषध सुरू झालं, तेव्हापासून दोन वर्षं एकही आली नव्हती. बाबांचा चमचा घरात आला आणि दुसऱ्याच महिन्यात पोरगी शाळेच्या जिन्यात कोसळली. कपाळाला चार टाके पडले.

"बाबा परीक्षा बघतायत," ताई म्हणाली.

"परीक्षा बाबांची आणि टाके पोरीला?" मी भडकलो. "अगं, औषध कमी पडतंय तिला!"

"कमी कसं पडेल? बाटलीत उरतंय ना!"

मी कपाळावर हात मारून घेतला.

भाची शेजारीच गृहपाठ करत बसली होती. तिने विचारलं, "मामा, बाटलीत मापं किती असतात?"

"तीस. दिवसाला एक."

"आणि पुरते चाळीस दिवस." तिने पेन्सिल चावली. "तीसला अर्ध्याने भागलं तर साठ येतात. ते जास्त झाले. पाऊणने भागलं तर... चाळीस! आई, बाबांचा चमचा पाऊण मापाचाच आहे."

"काहीतरीच! भागल्यावर कधी वाढतं का?"

"एकापेक्षा लहान मापाने भागलं की आकडा वाढतो. औषध आहे तेवढंच राहतं."

"तू बाबांपेक्षा शहाणी का गं?" ताई म्हणाली खरी, पण रविवारी आमच्यासोबत बाबांच्या सभागृहात आली.

टाके घातलेलं कपाळ घेऊन पोरगी मंचावर चढली. बाबांच्याच चमच्याने तिने बाटलीसोबतच्या मापात पाणी ओतलं. माप भरलं की पेल्यात रिकामं करायचं, पुन्हा ओतायचं. सगळे मोजत होते. चार चमचे झाले आणि मापं भरली तीन.

"पाण्याला श्रद्धा नसते, बाळ," बाबा हसले.

"मग माझ्या औषधाने करून बघा," एका आजोबांनी बाटली पुढे केली.

बाबांना अचानक समाधीची वेळ आठवली. समाधी मागच्या दाराने लागली. चमचा तेवढा मंचावर राहिला. मी तो लोकांना दाखवला: बाहेरून ऐसपैस, पण बूड जाड, म्हणून आतून उथळ.

ताईने पोरीच्या टाक्यांवर हात ठेवला आणि रडायलाच लागली. "तुझ्या तोंडचं पाव माप मी रोज बाटलीत ठेवत होते गं, आणि वर हात जोडत होते."

मंडळी, एक मामा म्हणून सांगतो. काही वाढलं असं कोणी म्हणालं, तर नमस्कार करण्याआधी माप मागा. आमच्या घरी पुढच्या महिन्यात चमत्कार झाला नाही. बाटली बरोबर तिसाव्या दिवशी संपली, आणि पोरगी रोज जिना चढून शाळेत गेली.