खाली टेकलेला पाय

देवरावने एका हाताने हँडल सांभाळलं आणि दुसऱ्या हाताने पाण्याचा गडवा डोक्यावर उपडा केला. सायकल थांबली नाही. सात दिवस, सात रात्री जमिनीला पाय लावायचा नाही. खाणं, आंघोळ, दाढी, सगळं सीटवरच. आज सहावा दिवस होता.

"पाणी डोयात गेलं, आता पडते पाहा!" खुर्चीवरून बाबाराव ओरडला.

लोक खदाखदा हसले. वाडीच्या गोदामांमागच्या त्या मैदानात कोणी कौतुकाला जमत नव्हतं. माणूस पडताना पाहायला कोणाला नको असतं?

बाबाराव तालमीचा वस्ताद. गेल्या वर्षी देवरावने इथेच सात दिवस पुरे केले, गळ्यात हार पडला, आणि दुसऱ्याच दिवशी या मेल्याने वस्तीभर बोंब मारली, 'पहाटे उतरून झोपला होता, मी डोयानं पाहिलं!' झालं. गोदामातले हमाल देवरावला 'झोपाळू' म्हणू लागले. त्याच्या बायकोला, पंचफुलाला, नळावर बाया विचारायच्या, "तुया नवरा आज किती झोपला वं?" म्हणून यंदा देवरावने वस्तादाच्या दारात जाऊन सांगितलं होतं, "खुर्ची टाक अन् तूच पाह." बाबाराव खरंच येऊन बसला. खुन्नस अशी, की पाच रात्री त्याच्याही डोळ्याला डोळा लागला नव्हता.

ऊन चढलं. लोक जेवायला पांगले, गाण्यांचा भोंगा बंद झाला. देवरावच्या मांड्यांचा दगड झाला होता. वळणावर चाक घसरलं आणि डावी टाच मातीत रुतली.

त्याने आधी खुर्चीकडे पाहिलं. बाबारावची मान छातीवर पडली होती. तो चक्क घोरत होता.

भाकर घेऊन आलेल्या पंचफुलाने मात्र पाहिलं. ती धावत आली आणि पायाने मातीतली खूण पुसून टाकली.

"चालवा! कोणी नाही पाहिलं."

"आता चालवली, तं त्याचं मांगचं खोटंही खरं होते."

"होऊ द्या! मले अजून एक वर्ष नाही ऐकवत नळावर."

देवरावला तिचा राग आला, स्वतःचा त्याहून जास्त. त्याने दुसराही पाय खाली ठेवला. लटपटत, सायकल ओढत तो गेला आणि खुर्चीला लाथ घातली.

"ऊठ गा, बाबाराव!"

बाबाराव दचकून उठला. समोर जमिनीवर उभा देवराव दिसताच त्याचा चेहरा खुलला.

"टेकला! मी म्हणलंच होतं!"

"हो, टेकला. वळणावर, डावा. तू घोरून राहिला होता, म्हणून मीच सांगाले आलो." देवरावने सायकल त्याच्या पुढ्यात आडवी टाकली. "आता सांग, मांगच्या साली काय पाहिलं होतं?"

जेवून आलेले लोक भोवती जमू लागले.

"काय झालं, वस्ताद?" कोणीतरी विचारलं.

बाबाराव खाली वाकून खुर्ची मिटू लागला. ती घडीची नव्हती, तरी तो तिच्याशी झटत राहिला. आता कोणी हसलं नाही.

पंचफुलाने तिथेच मातीत फडकं पसरलं आणि भाकर सोडली.

"या," ती देवरावला म्हणाली. "खाली बसून जेवा."