देवमा

मार्सेलला पाचूबंदरात सगळे रंगारी म्हणत. बायको मात्र आरंभशूर म्हणायची, आणि त्यात तिचं काही चुकत नव्हतं. घरातली एक भिंत पिवळी, तर दुसरीला नुसताच गिलावा. "एक ना धड, भाराभर चिंध्या," असं म्हणून ती चूल फुंकायला वळायची.

फ्रेडरिकची बोट ही त्यातलीच एक चिंधी. हा मार्सेलचा मावसभाऊ वादळात सापडला, तेव्हा त्याच्या आईनं, डेल्फिन मावशीनं नवस केला होता की तो जिवंत परतला तर नव्या बोटीचं नाव 'देवमाता' ठेवीन. नाव लिहायचं काम अर्थातच भाच्याकडे आलं. 'देवमा' एवढं लिहून होतंय तोच आचोळ्याहून निरोप आला. तिकडे रोज नवी इमारत उभी राहत होती आणि दुकानांना पाट्या हव्या होत्या. 'ता' काय, उद्या लिहू, म्हणून गडी निघाला तो निघालाच.

"लिवलंस ना रे?" मावशीनं विचारलं.

"लिहिलं, मावशी."

मावशीला अक्षरओळख नव्हती, त्यात डोळ्यांत मोतीबिंदू उतरलेला. खपून गेलं.

पण अर्धा शब्द माणसांना स्वस्थ बसू देत नाही. दर्यावरच्या लोकांनी 'देवमा' वाचलं आणि पुढचं अक्षर आपल्या मनानं लावून टाकलं. बोट 'देवमासा' झाली. मासळीही बरी लागत गेली, तेव्हा फ्रेडरिकनं दुरुस्तीचं नावच काढलं नाही.

"लोकं मासा का म्हनतात रे?" मावशी विचारायची.

"चिडवतात गं," मार्सेल म्हणायचा.

अशी दोन वर्षं गेली. यंदा हंगामाच्या तोंडावर मावशी म्हणाली, "फादर बोटीला आशीर्वाद द्यायला येतील, तवा नावाला मी माझ्या हातानं हार घालीन." आशीर्वादाच्या दिवशी सकाळीच मार्सेल पांढऱ्या रंगाचा डबा आणि ब्रश घेऊन बंदरावर गेला.

फ्रेडरिक जाळं सांधत बसला होता. "सा लिव," तो म्हणाला. "लिलावात सगले त्याच नावानं वलखतात. आयेला काय कलनार?"

ब्रश हवेतच राहिला. 'सा' लिहिला तरी काम पुरं होणारच होतं. 'ता' लिहिला तर नवस फिटणार, पण मग आधीचं खोटं झाकलं जाणार की उघडं पडणार? जन्मात पहिल्यांदा तो काहीतरी पुरं करायला आला होता, आणि पुरं करणं म्हणजे काय हेच त्याला कळेना. शेवटी त्यानं कपाळावर क्रूस काढला आणि 'ता' लिहून टाकला.

घाम पुसतोय तोच मावशी आली. एका हातात शेवंतीचा हार, दुसऱ्या हातात शेजारच्या हिल्डाचा हात. फादर यायचे होते.

"काय लिवलंय गो, हिल्डा?"

हिल्डानं वर नुसती नजर टाकली. "देवमासा."

मार्सेल दचकला. आपण चुकून 'सा' तर नाही लिहिला? त्यानं एकेक अक्षर लावून पाहिलं. 'ता'च होता.

"नीट वाच!" मावशी करवादली. "देवमाता हाय. मार्सेलनं तवाच लिवलंय. तो माझ्याशी कशाला खोटं बोलेल?"

मार्सेलला मेल्याहून मेल्यासारखं झालं. मावशी पुढे झाली आणि नाव बोटांनी चाचपू लागली. पहिली तीन अक्षरं खाऱ्या वाऱ्यानं खरखरीत झाली होती. मग तिची बोटं शेवटच्या अक्षरावर आली आणि चिकटली.

पांढरी झालेली बोटं तिनं डोळ्यांशी धरली, मग नाकाशी नेली.

"मार्सेल," ती हळूच म्हणाली, "दोन वर्सांचा रंग अजून वला कसा रे?"