टेबलाखाली वाकून बघा

"थांबला! थांबला!" अख्खा हॉल एका सुरात ओरडला आणि मागची माणसं चक्क खुर्च्यांवर उभी राहिली.

समोर टेबलावर जमिनीपर्यंत लोंबणारं काळं कापड, त्यावर लोकांची तीसेक मनगटी घड्याळं आणि टेबलामागे तळहात उंचावलेले संघप्रमुख, महाप्रहरी. राखाडी कोट, अर्धवट मिटलेले डोळे. त्यांनी हात वर करताच एकूण एक सेकंदकाटा जागच्या जागी थबकला होता. पहिल्या रांगेतल्या आजोबांनी तर हातच जोडले.

"काळ ही नदी आहे," महाप्रहरी घोगऱ्या आवाजात म्हणाले. "आमचा संघ युगानुयुगं तिचे दरवाजे राखतो. आम्ही गुप्त आहोत. आम्हाला कुणीही ओळखत नाही."

गुप्त म्हणे! यांची पत्रकं बसथांब्यापासून केस कापायच्या दुकानापर्यंत सगळीकडे चिकटवलेली. आणि काळाचे दरवाजे राखणारे हे गृहस्थ आज सभेला चाळीस मिनिटं उशिरा उगवले होते. शेवटच्या रांगेत बसलेली घड्याळवाली मनातल्या मनात दात-ओठ खात होती.

ती चौकातल्या छोट्याशा दुकानात वीस वर्षं डोळ्याला भिंग लावून घड्याळं दुरुस्त करत होती. शेजारी बसली होती तिची थोरली बहीण, अक्का. अक्काचं घड्याळ तीन महिन्यांपासून संघाच्या काचेच्या कपाटात थांबून होतं. ज्याचं घड्याळ संघाने थांबवलं त्याचा काळ थांबला, असं तिथे सांगत. मग वय वाढत नाही आणि आजारही वाढत नाही. अक्काच्या छातीत गाठ होती. डॉक्टरीणबाईंनी दिलेली ऑपरेशनची पहिली तारीख तिने खुशाल चुकवली होती, आणि दुसरी तारीख परवाची होती.

"माझी गाठ आता आहे तेवढीच राहणार," अक्का भेटेल त्याला सांगत सुटली होती.

घड्याळवालीला संशय आला तो दुकानातच. गेले काही आठवडे चावीची घड्याळं घेऊन गिऱ्हाइकं येत होती. "अहो बाई, हे दिवसाला पंधरा मिनिटं पुढे पळतंय! महाप्रहरी म्हणतात, थांबलेला काळ भरून काढतंय." तिने एक घड्याळ टेबलावरच्या होकायंत्राजवळ धरलं, तर सुई गर्रकन फिरली. घड्याळात चुंबकत्व शिरलं की आतल्या केसासारख्या बारीक स्प्रिंगचे वेढे एकमेकांना चिकटतात आणि घड्याळ पळत सुटतं. म्हणून तर ती होकायंत्र हाताशी ठेवायची. पळणारं प्रत्येक घड्याळ संघाच्या सभेला जाऊन आलेलं निघालं.

तिने हे अक्काला सांगितलं, तर अक्का फणकारली, "तुला माझं बरं झालेलं बघवत नाही का गं?" ते शब्द घड्याळवालीच्या फार जिव्हारी लागले होते.

आता ती उठली आणि तडक टेबलापाशी गेली.

"साहेब, माझंही घड्याळ थांबवा ना." तिने पर्समधून मुलांच्या खेळातलं वाळूचं घड्याळ काढलं आणि उलटं करून कापडावर ठेवलं.

संघाचा एक कोटवाला तिला अडवायला धावला, पण लोकच ओरडले, "ठेवू द्या की! काय बिघडतंय?"

महाप्रहरींनी घाम पुसला आणि हात वर केला. काटे थांबले. वाळू मात्र आपली सुळसुळ पडतच राहिली.

"वाळू जड असते," महाप्रहरी खाकरले. "तिच्या ठायी श्रद्धा नसते."

"आणि बॅटरीच्या घड्याळाच्या ठायी असते वाटतं?"

कुणीतरी फिसकन हसलं. तेवढ्यात तिने पुडीतले इवलेसे स्क्रू कापडावर सांडले. ते सगळे शेपट्या वर केल्यासारखे ताठ उभे राहिले!

"हात नका बघू यांचा, पाय बघा!" असं म्हणून तिने कापडच ओढलं.

टेबलाखाली एक फळी होती. फळीला जुन्या लाउडस्पीकरांतली मोठाली चुंबकं ठोकलेली, आणि फळी वर उचलायला शिलाई मशीनचं पायडल. पायडलवर महाप्रहरींचा बूट अजून तसाच होता.

"बॅटरीच्या घड्याळात एक चिमुकली मोटर असते, तीही चुंबकावरच फिरते," तिने सगळ्यांना ऐकू जाईल असं सांगितलं. "जवळ जबरदस्त चुंबक आणलं की ती अडते. दूर नेलं की पुन्हा चालू. चावीचं घड्याळही तेवढ्यापुरतं अडतं, पण मग पळत सुटतं. संपला चमत्कार!"

आजोबा आपलं घड्याळ हिसकावून घ्यायला पुढे झाले. गलका उडाला आणि काळाचे राखणदार क्षणही न दवडता मागच्या दाराने पसार झाले.

अक्का मात्र जागची हलली नाही. "टेबल खोटं असेल. कपाट खरं आहे," ती पुटपुटली.

धाकटीने हॉलच्या कोपऱ्यातल्या कपाटातून तिचं घड्याळ आणून पाठीमागचं झाकण उघडलं. आत सेलच नव्हता.

"असू दे. तरी माझी गाठ वाढलेली नाही. मला कळत नाही का?"

धाकटीने अक्काला हाताला धरून बेसिनवरच्या आरशासमोर नेलं. "केसांना रंग कधी लावलास?"

"संघात आले त्या आठवड्यात. आता पुन्हा कधी लावावा लागणारच नाही."

"भांग बघ तुझा."

भांगाच्या दोन्ही बाजूंना दोन बोटं रुंद पांढरे केस उगवले होते.

"तीन महिन्यांचे आहेत हे, अक्का. तुझा काळ थांबला होता, तर हे कुणाचे वाढले? आणि केस वाढले, तर गाठ काय थांबून राहिली असेल?"

अक्काने भांगावरून बोट फिरवलं. मग तोच हात हळूहळू छातीवर आला.

"परवा किती वाजता जायचंय?" तिने विचारलं.

"सकाळी आठ."

"माझ्या घड्याळात सेल घाल."

ऑपरेशन झालं. जीव वाचला. पण डॉक्टरीणबाईंनी स्पष्टच सांगितलं, पहिल्या तारखेला आल्या असत्या तर नुसती गाठ काढून भागलं असतं. आता अख्खा स्तन काढावा लागला.

अक्का हल्ली दुकानात धाकटीशेजारी बसते. कुणी नवा गुरू, नवा संघ, नवा चमत्कार सांगू लागलं की ती भिडभाड न ठेवता पदराआडच्या सपाट जागेवर हात ठेवते आणि म्हणते, "हात जोडायला कधीही सवड मिळेल हो. आधी टेबलाखाली वाकून बघा. आणि डॉक्टरची तारीख चुकवू नका. माझे ते तीन महिने अजून कुणी परत आणून दिलेले नाहीत."