सोमाळच्या राण्यांची बोली

सोमाळ नावाच्या राज्यात सात राण्या होत्या आणि राजा एकही नव्हता. राजा नको, हे मीच ठरवलं होतं. सत्त्याऐंशीच्या उन्हाळ्यात मी सतरा वर्षांची होते, आणि राजा म्हटला की मला आमचे आबा दिसायचे, बाजेवर बसून तंबाखू मळत सगळ्यांवर खेकसणारे.

हे राज्य आमच्या धाब्यावर होतं, आणि सातांपैकी पाच राण्या मनातल्याच होत्या. धुळ्याजवळच्या आमच्या गावात घरांना मातीचं सपाट छत असायचं, त्यालाच धाबं म्हणायचं. दुपारभर तिथे ज्वारीचे बिबडे, म्हणजे जाडसर पापड, वाळत पडायचे आणि मी आणि कुंदावहिनी डोक्यावर ओलं फडकं घेऊन कावळे हाकायचो. वहिनी सावद्याची, केळीच्या बागांतली. माझा भाऊ पंडित तिला लग्न करून घेऊन आला आणि दोन महिन्यांत सुरतेच्या गिरणीत परत गेला. इकडे ती तिच्या माहेरच्या बोलीत तोंड उघडायची आणि घर हसायचं. ‘मले समजलं नाई व,’ ती म्हणायची, की माय तिच्यादेखत तिची नक्कल करायची. माय वाईट नव्हती, पण हसताना तिला भान नसायचं. वहिनीने मग बोलणंच टाकलं.

म्हणून मी तिला राणी केलं, आणि राण्यांना शोभेल अशी बोली आम्ही दोघींनी मिळून घडवली. दोघींनी मान डोलावल्याशिवाय कुठलाही शब्द दरबारात येत नसे. राण्या कधी काही मागत नसत. पाणी हवं असलं तर म्हणायचं, ‘झिरवान लुमा.’ झिरवान म्हणजे पाणी, आणि लुमा म्हणजे यायला परवानगी आहे. वारा पडला की वहिनी हात उंच करून म्हणायची, ‘सुहिल लुमा,’ आणि खरं सांगते, कधी कधी तो यायचाही. ऊन पांढरं व्हायचं, गाव झोपलेलं असायचं, लांब पांझरेच्या पात्रात वाळूच वाहतेय असं वाटायचं. आणि घरात मान वर न करणारी ही बाई वाऱ्याला, उन्हाला, ढगांना परवानग्या देत बसायची. मला ती फार आवडायची. इतकी, की भाऊ सुरतेहून आलाच नाही तरी चालेल असं वाटायचं.

जाण्याचा शब्द आमच्या बोलीत नव्हता. राण्या कुठे जात नाहीत, सगळं त्यांच्याकडे येतं, असं मी म्हणाले होते आणि वहिनीने मान डोलावली होती.

आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, आठ दिवस असताना तिचा भाऊ जीवराम तिला न्यायला आला. आखाजीला लेकी माहेरी जातात, झोके बांधतात, गाणी म्हणतात, त्यात विचारण्यासारखं काही नसतं. पण बिबड्यांचं काम अर्धवट पडलं होतं, म्हणून माय कुरकुरायला लागली. जीवराम ओट्यावर टेकून म्हणाला, ‘आमच्या मायची तब्येत बरी नाई. कुंदाले पाहाचं म्हणते.’ आबांनी तंबाखू तोंडात टाकली. मग माझ्याकडे वळले. ‘पमी, तुन्ही वहिनीले इचार. जानं शे का?’

सून सासऱ्याशी बोलत नसे. तिला जे म्हणायचं ते तिने नणंदेच्या कानात सांगायचं आणि नणंदेने ते मोठ्याने. वहिनी दाराआड उभी होती. एवढ्या माणसांत काही मागायचं तिच्या अगदी जिवावर आलं होतं. ती माझ्या कानाशी वाकली आणि म्हणाली, ‘मालू.’

हा शब्द मी कधीच ऐकला नव्हता. तिने तो तिथल्या तिथे, लुमा उलटा करून केला होता. मला तो ऐकताक्षणी कळला: जायला परवानगी. आता मी मान डोलावते का, याची ती वाट बघत होती, आणि मी डोलावली नाही. असा शब्द आपल्या बोलीत नाही, मी स्वतःला सांगितलं, म्हणजे तो मला कळलाही नाही. मग वळून मोठ्याने म्हणाले, ‘आखाजी आठेच करसू, म्हणस.’ म्हणजे आखाजी ती इथेच करणार.

माय खूश झाली. जीवराम चहा न घेता उठला. सासऱ्यासमोर वहिनी मला खोटं पाडणार नाही, हे मला पक्कं ठाऊक होतं. ती पदर ओढून आत गेली.

आखाजीच्या दिवशी तिने गल्लीतल्या माहेरवाशिणींना झोके दिले. त्यानंतर पंधरा दिवसांनी सावद्याहून तार आली. वहिनी पोचली तेव्हा तिच्या आईला स्मशानात नेलेलं होतं.

तेरावं करून ती परत आली. मला वाटलं, आता ती सगळ्यांना सांगेल, मला शिव्या देईल, निदान माझ्याशी बोलायची बंद होईल. तिने यातलं काहीच केलं नाही. सकाळी उठून कामाला लागली.

तिसऱ्या दुपारी धाब्यावर मी तिच्यासमोर जाऊन बसले. मला स्वतःची लाज वाटत होती, आणि माफी मागायला आमच्या बोलीत शब्द नव्हता, तोही माझ्याच नियमामुळे. शेवटी मी मान डोलावली, तिला नीट दिसेल अशी, दोनदा. आणि म्हणाले, ‘मालू.’

वहिनीने हातातला बिबडा उलटून ठेवला. मग माझ्याकडे बघून, आमच्या घरच्या बोलीत, एकही चूक न करता म्हणाली, ‘आते कोठे जाऊ, ताई?’