ओढ्याचं पाणी

शशिकांत सबनीसांनी पाण्याचा ग्लास नाकाशी धरला, डोळे मिटले आणि दोनदा हुंगून तो परत टेबलावर ठेवला.

"दुसरा आण."

कान्हाने दुसरा आणला. तोही नापास झाला. तिसऱ्या ग्लासातलं पाणी मात्र ते प्यायले. केमिकल फॅक्टरीतले साहेब, पण पाण्यापुढे लहान मुलासारखे हट्टी. बदलापूर स्टेशनाजवळच्या या हॉटेलात सहा वर्षं वेटर असलेल्या कान्हाने अशी बरीच गिऱ्हाइकं मनात जपून ठेवली होती.

संध्याकाळी सायकल दामटत तो चामटोलीपलीकडच्या आपल्या वाडीत पोचला की त्याच्या नकला बघायला अंगणात माणसं जमायची. उल्हासनगर कॅम्प चारचा कापडवाला शेठ मेदूवड्याच्या भोकातून आधी मालकाकडे बघतो, "सब ठीक है" म्हणतो आणि मगच वडा मोडतो. हेंद्रेपाड्याच्या कुंदाबाई मास्तरीण डोशालाच विचारतात, "आज कोणी रे भाजलं तुला?" कान्हा बसल्या जागी शेठ व्हायचा, मास्तरीण व्हायचा. सबनीससाहेबांचं हुंगणं तर म्हातारी जनाबाई रोज मागून घ्यायची आणि हसता हसता ठसका लागला की चंद्रीकडून पाठ चोळून घ्यायची. चंद्री कान्हाची बायको.

सत्त्याऐंशीच्या मार्चमधल्या एका दुपारी साहेबांनी ग्लासाला हातच लावला नाही. इडलीही तशीच राहिली.

"कान्हा, तुझं घर कुठं?"

"चामटोलीच्या पलीकडं, साहेब. वाडी आहे आमची."

"पाणी कुठलं पिता?"

"ओढ्याकाठी विहीर आहे ना."

साहेबांनी रुमालाने कपाळ पुसलं. पुसलेलं कपाळ पुन्हा पुसलं.

"घरी कोण कोण?"

"बायको. सातवा लागलाय तिला."

शेजारचं टेबल रिकामं होईपर्यंत साहेबांनी वाट पाहिली. मग खाली बघत बोलले.

"आमची एक टाकी गळतेय. सगळं जमिनीत मुरतंय आणि उतार तुमच्या ओढ्याकडे आहे. मी लिहून दिलं, तर वरच्यांनी तो कागद माझ्यासमोर फाडला."

"साहेब, पाण्याला तर काहीच वास नाही."

"याला येत नाही. चवही लागत नाही." त्यांनी कान्हाचं मनगट धरलं. "बायकोला माहेरी पाठव. उद्याच. आणि वाडीला सांग."

त्या संध्याकाळी कान्हाने सायकल कुडाला टेकवली, पण तो बसला नाही. माणसं नेहमीसारखी जमली. त्याने उभ्यानेच साहेबांचं बोलणं सांगायला घेतलं. टाकी म्हणताच कुणीतरी खुसखुसलं. वास येत नाही म्हटल्यावर अंगण दणाणलं.

"वास न्हाय, चव न्हाय, तर मंग हाय तरी काय त्यात?" जनाबाईने डोळे पुसले. "कुठून शोधतोस रं अशी मान्सं!"

"खरं सांगतो, जनाबाय. शपथ."

"शेठच्या वड्यालाबी शपथच घेतली व्हतीस," शेजारचा देऊ म्हणाला, आणि पुन्हा हशा उठला.

कान्हाचा चेहरा कसनुसा झाला. त्यालाही लोक हसले, कारण तो चेहरा त्यांना साहेबांचाच वाटला. ओट्यावर बसलेली चंद्री तेवढी हसली नाही. तिने पोटावर हात ठेवला आणि आत जाऊन गाठोडं बांधायला घेतलं.

सकाळी उजाडताच दोघं निघाली. बारवीकडच्या तिच्या माहेरापर्यंत मोठी चाल होती. जनाबाईने दारात अडवून चंद्रीच्या हातात तांब्या दिला.

"वाटंला पानी असू दे, पोरी. दोन जिवाची हायस. आत्ताच शेंदलंय."

चंद्रीने तांब्या घेतला. म्हातारीने तिच्या गालावरून हात फिरवला.

वळणावर वाडी दिसेनाशी झाली तेव्हा चंद्री थांबली. तिने पाणी करवंदीच्या जाळीत ओतलं.

"म्हातारी रातभर हेच पानी प्याली आसंल," ती म्हणाली.

कान्हाने गाठोडं खाली ठेवलं. "तू हितंच बस सावलीला. मी आलोच."

तो जवळजवळ धावतच मागे आला. विहिरीवर बायकांची गर्दी होती. जनाबाई पोहरा सोडत होती. कान्हाला येताना बघून तिने दोर तसाच हातात धरला आणि तिचा सगळा चेहरा उजळला.

"या बया, थांबा गं," ती ओरडली, "कान्हा आला. कायतरी सांगायचं राह्यलं वाटतं."

बायकांनी हंडे खाली ठेवले आणि हसायच्या तयारीने त्याच्याकडे तोंडं केली.