घर सोडायचं, पण पुन्हा एकदा

आता हिला काय म्हणावं! वितळतं बर्फ आणि बुडती बेटं टिपत जगभर फिरलेली बाई, आणि स्वतःच्या वडिलांनी घर सोडलं तेच नेमकं हिच्या कॅमेऱ्यात नाही. बटण एकदा दाबलं की चालू, पुन्हा दाबलं की बंद. गडबडीत हिने एकदा जास्तीचं दाबलं आणि तिथून सगळंच उलटं झालं. अप्पा दाराला हात लावून उभे राहिले तेव्हा कॅमेरा बंद, आणि कॅमेरा काखोटीला मारून ती टेम्पोमागे धावली तेव्हाचे तिचे बूट मात्र झकास आलेत.

समुद्राने पुढची गल्ली केव्हाच गिळली होती. आता भरतीचं पाणी यांच्या पायरीला लागायचं. अप्पांना इथून हलवता हलवता दादाच्या नाकी नऊ आले होते. विनवण्या झाल्या, भांडणं झाली, अबोला झाला. शेवटी काल कसेबसे ते उंचावरच्या नव्या घरी गेले.

आणि आज ही म्हणते, "दादा, पलंग आणि अप्पांची खुर्ची तेवढी जुन्या घरी परत नेऊ या. चुटकीसरशी होईल."

"डोकं फिरलंय का तुझं?" दादा कडाडला. "आज मोठी भरती आहे!"

"ती संध्याकाळी रे. अप्पा घर सोडतात हाच माझ्या फिल्मचा शेवट आहे!"

"तुझ्या शेवटापायी माझी कंबर मोडायची!"

पण धाकट्या बहिणीपुढे त्याचं कधी चाललंय? पलंग आला, खुर्ची आली, कुरकुरत दादाही आला. अप्पा तर चकार शब्द न काढता आधीच टेम्पोत जाऊन बसले होते. तिथेच हिला शंका यायला हवी होती.

सगळं जागेवर लावेपर्यंत संध्याकाळ झाली. या वेळी तिने कॅमेऱ्याचा लाल दिवा नीट बघून घेतला. "हं अप्पा, उठा आणि दाराकडे चला. कालच्यासारखं."

"मी नाही उठत," अप्पा खुर्चीत रेलून म्हणाले.

"अहो, काल उठलात की!"

"काल तुम्ही माझ्याखालची खुर्चीच काढून नेलीत. बसू कुठे? म्हणून निघालो. आज तुम्हीच आणून दिलीत."

दादाने कपाळावर हात मारला. "घे! घे आता तुझा शेवट!"

तिची चिडचिड झाली. पाणी पायरीवर चढत होतं. सगळ्यात संताप याचा, की चौकटीत अप्पा काय सुरेख दिसत होते! तिने कॅमेरा बंद केला आणि त्यांच्यापाशी जमिनीवर बसली. "चुकलं माझं, अप्पा. पाया पडते, चला."

"बंद कशाला केलंस? चालू कर. ते चालू असलं की तू माझं बोलणं मधे तोडत नाहीस."

तिने चालू केला. अप्पा बोलू लागले. हे घर त्यांनी आणि आईने कसं बांधलं, आईने कुठल्या खोलीत डोळे मिटले, इथून निघा असं सगळे म्हणाले पण निघायचंय का, हे कुणी म्हणून विचारलं नाही. पाणी दारातून आत आलं, फरशीवर पसरलं, तरी त्यांचं संपेना. ओढून न्यायला म्हणून दादा पुढे झाला, वाकला, आणि त्याने अप्पांचे पाय पाण्यातून उचलून नुसते समोरच्या पलंगावर ठेवले.